यंदा जोकची स्पर्धा नको, ‘काय झालं ते सांगा’ ठेवा

प्रति,
पुण्यातली गणेशोत्सव मंडळं आणि सोसायट्या यांच्या सांस्कृतिक समित्या

सप्रेम नमस्कार.

श्रावण लागला की तुमचे फोन सुरू होतात. तारीख अमुक, वेळ तमुक, दोन कॉर्डलेस, एक स्टँडचा माईक, आणि “मागच्या वेळेपेक्षा कमी लावा बरं का”. हे सगळं ठरलेलं आहे, त्याबद्दल तक्रार नाही. पण अलीकडे बहुतेक कार्यक्रमपत्रिकांत एक ओळ हटकून असते. कुठे तिला ‘हास्यकल्लोळ’ म्हणतात, कुठे ‘हसा आणि हसवा’, कुठे सरळ ‘जोक सांगा, बक्षीस जिंका’. प्रकार एकच. नाव द्यायचं, स्टेजवर यायचं, दोन मिनिटांत दोन जोक सांगायचे, परीक्षकांनी गुण द्यायचे. यंदाची पत्रिका छापायला टाकण्याआधी माझं थोडं ऐकून घ्यावं, एवढ्यासाठी हे पत्र.

मी मिक्सरमागे बसणारा माणूस. मांडवात सगळ्यांचं तोंड स्टेजकडे असतं, मला मात्र लोकांकडे बघावं लागतं. आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोचतोय का, हे मिक्सरवरच्या मीटरच्या काट्यापेक्षा चेहऱ्यांवर लवकर कळतं. त्यामुळे पेठांपासून कोथरूड-कर्वेनगरपर्यंत लोक कशाला हसतात आणि कशाला हसल्यासारखं करतात, हे बघण्यात माझी बरीच वर्षं गेली आहेत.

एका सोसायटीतली गोष्ट सांगतो. नाव सांगत नाही, कारण तिथली ऑर्डर अजून टिकून आहे. जोकची स्पर्धा चालू होती. एक गृहस्थ आले, फोन काढला, चष्मा वर केला आणि वाचलं: “डॉक्टर बाईंना म्हणाले, तुमच्या मिस्टरांना विश्रांतीची फार गरज आहे, या घ्या झोपेच्या गोळ्या. बाई म्हणाल्या, त्यांना कधी द्यायच्या? डॉक्टर म्हणाले, त्यांना नाही, तुम्ही घ्यायच्या.” पुरुष हसले. बायका नवऱ्यांकडे बघून हसल्या. हशा उठला तसाच बसला आणि गृहस्थांनी दुसरा जोक शोधायला स्क्रीन वर सरकवली.

त्यांच्यानंतर एक आजी आल्या. पंच्याहत्तरीच्या पुढच्या असाव्यात. म्हणाल्या, “मला जोकबिक येत नाहीत. आमच्याकडे काय झालं ते सांगते. ह्यांना कानाचं मशीन आणलं. मुलानं आणलं, महागातलं. पहिल्या दिवशी लावलं आणि संध्याकाळी मला म्हणतात, तू एवढं बोलतेस? दुसऱ्या दिवसापासून मशीन डबीत. विचारलं तर म्हणे सेल संपले. सेल मी आणते, मला माहीत नाही का संपले की नाही? आता मी बोलायला लागले की मशीन काढतात. मग मी रागावून बोलायची बंद झाले, की घाईघाईनं लावतात. काय झालं, का गप्प बसली, ते ऐकायला!”

आजोबा तिसऱ्या रांगेत होते. त्यांनी आपोआप कानाला हात लावला, मशीन आहे ना ते चाचपायला. हात झाकला गेल्यावर मशीननं बारीक शिट्टी मारली. मला वाटलं माझाच माईक फीडबॅक देतोय, मी दचकून फेडर, म्हणजे आवाज कमीजास्त करायची पट्टी, खाली ओढला. सगळ्या मांडवाला ती शिट्टी कुठून आली ते कळलं. आजोबा उभे राहून म्हणाले, “मी सगळं ऐकलंय!” त्यावर आजी फेडर खाली असतानाही शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, “एक दिवस!”

पुढची पाच मिनिटं निवेदकाला कुणाचं नाव पुकारता येईना. आणि निकाल? पहिलं बक्षीस झोपेच्या गोळ्यांना. आजींबद्दल परीक्षक म्हणाले, “अनुभव छान होता, पण स्पर्धा जोकची आहे.” नियमाप्रमाणे ते बरोबरच बोलले. म्हणून तर मला नियमाबद्दल बोलायचंय.

दोघांचा विषय एकच होता, हे लक्षात घ्या. बायको फार बोलते आणि नवऱ्याला ते नको आहे. जोकमधल्या बाई कोण, कुठल्या वाड्यातल्या, त्यांचं म्हणणं काय, याचा पत्ता नाही. पत्ता असता तर जोक झालाच नसता. जोक हा आमच्या मांडववाल्याच्या भाड्याच्या खुर्चीसारखा असतो. आज इथे, उद्या हडपसरला, परवा बारशाला, कोण बसलं याचा तिला फरक पडत नाही. आजींची गोष्ट मी घरी जाऊन सांगितली, अगदी शब्दाला शब्द. कुणी हसलं नाही. आजी नव्हत्या, आजोबा नव्हते, शिट्टी नव्हती. विनोदातून माणूस काढून घेतला की मागे काही उरत नाही. जोकमध्ये मुळात माणूस नसतो, म्हणून तो इतका टिकतो.

किती टिकतो? सलूनचा एक जोक तुमच्या प्रत्येक स्पर्धेत कुणीतरी सांगतंच. बडबड्या न्हावी विचारतो, “कसे कापू?” गिऱ्हाईक म्हणतं, “न बोलता.” ‘फिलोगेलोस’ नावाचा जुन्या ग्रीक चुटक्यांचा एक संग्रह आहे, साधारण चौथ्या-पाचव्या शतकातला. त्यातल्या २६५ चुटक्यांत हा न्हावी आहे. प्लुटार्क या प्राचीन ग्रीक लेखकानं तर हे उत्तर मॅसिडोनियाचा राजा आर्किलाउस याच्या तोंडी घातलंय, आणि तो राजा इसवी सनापूर्वी पाचव्या शतकातला. गिऱ्हाईकं बदलत गेली, कात्री तीच आहे. मला या जोकचं कौतुकच वाटतं. फक्त तो सांगून सदाशिव पेठेतला माणूस स्वतःबद्दल किंवा आपल्या न्हाव्याबद्दल काही सांगत नसतो, निरोप पुढे पोचवत असतो.

एक परीक्षा तुम्ही स्वतः करून बघा. चिं. वि. जोशींच्या चिमणरावाचा एक जोक सांगा. सांगता येणार नाही. चिमणराव आणि गुंड्याभाऊ आठवले की हसू येतं, पण त्यातून कापून काढून चौघांत फेकावं असं वाक्य हाताला लागत नाही. हा लेखक पुण्यात १८९२ साली जन्मला, पुढे बडोद्याला पाली भाषेचा प्राध्यापक झाला. इतक्या गंभीर विषयाच्या माणसानं एका भिडस्त, धांदरट कारकुनाला जन्म दिला आणि त्याची एकदाही टिंगल केली नाही. चिमणरावाची फजिती होणार हे आपल्याला आधीच ठाऊक असतं, तरी आपण ती दहाव्यांदा वाचतो. जोक दहाव्यांदा कोण ऐकतं? दुसऱ्यांदा ऐकतानाच माणूस म्हणतो, “हा माहितीये.” जोकचा सगळा दारूगोळा शेवटच्या वाक्यात भरलेला असतो, तो एकदाच उडतो. विनोद सुरुवातीपासून चालू असतो, शेवटाची वाट बघावी लागत नाही.

व्यंकटेश माडगूळकर, शंकर पाटील आणि द. मा. मिरासदार या तिघांनी कथाकथनाचे कार्यक्रम गावोगाव केले. ज्यांनी मिरासदारांना ऐकलंय त्यांना विचारा, ते स्वतः किती हसायचे. चेहरा कोरा. गावातली माणसं जशी बोलतात तशी बोलत राहायची, एवढंच. त्यात कुणाला मूर्ख ठरवण्याची घाई नसे. अशा कार्यक्रमाला साउंडवाल्याचा धंदा फारसा होत नाही, एक माईक पुरतो. तरी मी हे लिहितोय, याची नोंद घ्यावी.

आता कुणी म्हणेल, लोकांना हसवायचं तर जोक लागणारच. खरंच लागतात का? रॉबर्ट प्रोव्हाइन नावाचा एक अमेरिकन मेंदूशास्त्रज्ञ होऊन गेला. त्यानं आणि त्याच्या विद्यार्थ्यांनी बाजारात, रस्त्यावर, कॉलेजात गप्पा मारणाऱ्या लोकांचं हसणं टिपून ठेवलं. असे १२०० प्रसंग जमवले. लोक ज्या वाक्यावर हसले ती वाक्यं तपासली, तर पाचातल्या एकाहूनही कमी वाक्यात जोकसारखं काही होतं. बाकीची वाक्यं अगदी साधी होती, ‘चला, निघतो मी’ छापाची. आणि ऐकणाऱ्यापेक्षा बोलणाराच जास्त हसत होता. तुमच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये रात्री साडेनऊला जेवण झाल्यावर उभे राहणारे चार लोक बघा. त्यांच्यातला एकही जोक सांगत नसतो. पाण्याचा टँकर, कुणाचा तरी मेहुणा, बंद पडलेली लिफ्ट. आणि वरच्या मजल्यावरून कुणीतरी “हळू हसा” म्हणून ओरडतं. त्याच चौघांना तुम्ही स्टेजवर बोलावता आणि सांगता, जोक सांगा. मग ते फोन काढतात.

अजून एक गोष्ट, जी माझ्या मिक्सरवर दिसत नाही. भरतमुनींच्या नाट्यशास्त्रात हसण्याचे सहा प्रकार आहेत: स्मित, हसित, विहसित, उपहसित, अपहसित आणि अतिहसित. स्मितात दातही दिसत नाहीत. अतिहसितात डोळ्यांतून पाणी काढून आरडाओरडा. यात स्मित आणि हसित हे उत्तम पात्रांचं, शेवटचे दोन अधमांचे. मी काही प्रेक्षकांची अशी प्रतवारी लावणार नाही, मला पैसे सगळ्यांच्या वर्गणीतून मिळतात. पण तुमच्या परीक्षकांना गुण फक्त मोठ्या आवाजाला देता येतात. स्मित माईकवर येत नाही. आजींच्या गोष्टीत पहिली दोन वाक्यं झाली तेव्हा एकही माणूस आवाजानं हसला नव्हता, तरी शेवटच्या रांगेतली पोरं खुर्च्या पुढे ओढत होती. मला तेव्हाच कळलं होतं.

जोकवाल्यांवर माझा राग आहे असं समजू नका. एकदा ऐन कार्यक्रमात लाइट गेली, जनरेटर धरेना. गाणाऱ्या बाई स्टेजवर अंधारात उभ्या, लोक चपला शोधायला लागले. निवेदक पुढे आला आणि माईकशिवाय, उघड्या आवाजात, एकामागून एक जोक सांगत सुटला. जुनेच होते. पण लोक बसले. अंधारात, अनोळखी माणसांना दहा मिनिटं एकत्र बांधून ठेवायला जोकसारखं दुसरं काही नाही. तिथे तुम्ही आजीला कानाच्या मशीनची गोष्ट सांगायला लावली असती तर ती वाया गेली असती. शिवाय चांगला जोक रचणं ही कारागिरी आहे, एक शब्द पुढेमागे झाला तर पडतो. तुमचे स्पर्धक मात्र रचत नाहीत, फॉरवर्ड करतात.

जोक आणि विनोद यांतला फरक मानसशास्त्रज्ञ फ्रॉइडनं बरा सांगितलाय. साउंडवाल्यानं फ्रॉइडचं नाव घेतलं म्हणून दचकू नका, अप्पा बळवंत चौकात पुस्तकं सगळ्यांना विकतात. १९०५ साली त्यानं चुटक्यांवर एक आख्खं पुस्तक लिहिलं. चुटक्यात, एरवी उघड बोलता येत नाही, दाबून ठेवावं लागतं, ते बाहेर पडतं आणि दाबण्याचे कष्ट वाचतात. विनोदात वाचतात त्या भावना. म्हणजे जिथे दुःख, राग किंवा भीती खर्च व्हायची, तिथे माणूस तो खर्चच टाळतो. (बचतीची गोष्ट आहे, पुणेकरांना पटायला हरकत नसावी.) उदाहरण त्याचंच आहे: सोमवारी सकाळी फाशीला नेताना कैदी म्हणतो, आठवड्याची सुरुवात बरी झाली.

आता झोपेच्या गोळ्यांकडे बघा. बायकोबद्दलची चीड तोंडावर बोलता येत नाही, म्हणून डॉक्टरांच्या तोंडून बोलून घेतली. आणि आजींकडे बघा. नवऱ्याला ऐकू येत नाही, आणि ऐकू आलं तरी तो ऐकत नाही, यात रडण्यासारखं पुष्कळ आहे. त्या ते स्टेजवर घेऊन आल्या आणि सगळ्या सोसायटीला दिलं, वर नवऱ्यालाही बोलायला जागा ठेवली.

हे फक्त आजींना येतं असं नाही. तुमच्या मंगळागौरीच्या कार्यक्रमात उखाणे होतात ना, तिथे ऐका. पाठ केलेल्या उखाण्याला टाळ्या पडतात, शिस्तीत. पण नारायण पेठेतल्या एका वाड्यात एका ताईंनी जागच्या जागी घेतलेला उखाणा असा होता:

“गॅसवर ठेवलं दूध, म्हटलं लक्ष ठेवा जरा,
अमुकरावांनी लक्ष ठेवलं, ओट्यावरून वाहिला झरा.”

मागून अमुकराव ओरडले, “अगं, बघतच होतो की मी!” पुढच्या चार उखाण्यांना कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत, लोक अजून दुधावरच होते.

पुणेरी पाट्यांचंही तेच झालंय. आमच्या जिन्यात एक पाटी आहे: “बेल एकदा वाजवून थांबावे. घरातील माणसे वयस्क आहेत, बहिरी नाहीत.” लिहिणाऱ्यानं ती हसवायला लिहिलेली नाही, त्याला खरोखर त्रास होत होता. म्हणूनच ती वाचून हसू येतं आणि बेलही एकदाच वाजवली जाते. हल्ली ‘पुणेरी पाट्या’ म्हणून जे फिरतं, मगवर आणि मॅग्नेटवर छापून विकतात, त्यामागे घर नसतं, बेल नसते, चिडलेला माणूस नसतो. खवचटपणा तेवढा उरतो. खवचटपणा हा तिसराच प्रकार आहे, त्यावर मी पत्र लिहिणार नाही, याच गावात राहायचंय.

मागचं काढून बोलायचं तर सार्वजनिक गणेशोत्सव १८९२ सालचा की १८९३ सालचा, यावरही या गावात भांडण आहे. मी त्यात पडत नाही, मला दोन्ही बाजूंच्या ऑर्डरी येतात. पण उत्सवात पूर्वी मेळे, म्हणजे पदं म्हणणाऱ्यांचे संच, असायचे, यावर वाद नाही. मेळ्यांतली पदं त्या वर्षी, त्या गावात जे चाललं होतं त्यावर रचलेली असत, आणि सरकारला खुपण्याइतकी ती नेमकी असत. मेळा परत आणा असं मी म्हणत नाही. पण आपल्या गल्लीत घडलेलं आपल्या मांडवात बोलायचं, ही काही मी नवी काढलेली टूम नव्हे.

तेव्हा विनंती अशी. यंदा जोकच्या स्पर्धेऐवजी ‘काय झालं ते सांगा’ ठेवा. स्वतःच्या बाबतीत किंवा स्वतःच्या डोळ्यांदेखत घडलेलंच चालेल. फोन खिशात राहील. ज्याच्यावर हसायचं तो माणूस सांगणारा स्वतः असावा, नाहीतर मांडवात हजर असावा आणि त्याला आधी विचारलेलं असावं. जाड्या, काळ्या, तोतऱ्या आणि अमुक जातीच्या माणसावरचे जोक बंद करा म्हणून तुम्ही दरवर्षी निवेदकाला हळूच सांगता आणि तो ऐकत नाही. या एका अटीनं ते आपोआप बंद होतील. दोन मिनिटं पुरणार नाहीत, पाच द्या. आणि गुण देऊ नका.

कुणी नाव देणार नाही ही तुमची भीती खरी आहे. “काहीतरी गमतीचं सांगा” असं पत्रकात लिहिलंत तर कुणीच येणार नाही. विचारायचं तर नेमकं विचारा. लिफ्ट अडकली तेव्हा आत कोण होतं? पहिल्यांदा फोनवरून पैसे पाठवले ते कुणाला गेले? पाणी दिवसाआड येत होतं तेव्हा कुणी काय काय भरून ठेवलं? मुलीकडे परदेशात गेल्यावर विमानतळावर काय झालं? मग बघा, पार्किंगमधले चौघे स्वतःहून येतील, आणि एकमेकांची गोष्ट मध्येच दुरुस्तही करतील. ते करू द्या.

निवेदकाला एवढंच सांगा की दोन गाण्यांच्या मध्ये तबला लावायला वेळ लागतो, त्या वेळात गप्प बसलं तरी चालतं. लोक शेजारच्याशी बोलतात. सोसायटीच्या कार्यक्रमाला ते त्यासाठीच आलेले असतात.

शेवटी माझ्या धंद्यातलं. ज्येष्ठांना कॉर्डलेस देऊ नका. गोष्ट रंगली की हात हलतो, हाताबरोबर माईक जातो आणि नेमकं मोक्याचं वाक्य कुणाला ऐकू येत नाही. (जोकवाल्यांचं तसं होत नाही, ते माईक तोंडात धरतात.) त्यांना हाताची खुर्ची ठेवा आणि समोर स्टँडचा माईक. कार्यक्रम साडेसातलाच सुरू करा, दहाला आवाज बंद करावा लागतो आणि अध्यक्षांचं भाषण व्हायचंच असतं. खुर्ची आणि स्टँड माझ्याकडून, त्याचे वेगळे पैसे नाहीत. जनरेटरचे आहेत.

कळावे,
आपला,
एक साउंडवाला
पुणे ३०